विश्लेषण : गिरसप्पाला हरवलेले गवत तिलारीत सापडले, पण त्याचे घर कोणत्या नकाशावर?

एखादी वनस्पती नामशेष मानली जाते आणि ८० हून अधिक वर्षांनी दुसऱ्याच राज्यात सापडते. ‘हुबार्डिया हेप्टान्यूरॉन’ या गवताच्या बाबतीत हेच घडले. १९१९ मध्ये हे गवत कर्नाटकातील जोगच्या, म्हणजेच गिरसप्पाच्या धबधब्याजवळ पहिल्यांदा गोळा केले गेले. त्यानंतर ते कुणाच्या हाती लागले नाही. एकविसाव्या शतकाच्या सुरुवातीला कोल्हापूरच्या शिवाजी विद्यापीठातील वनस्पतिशास्त्रज्ञांना ते तिलारी घाटात आढळले. ही गोष्ट आनंदाची असली तरी तिथे संपत नाही. हे गवत ज्या जागी जगते ती जागा म्हणजे धबधब्याच्या तुषारांनी ओला राहणारा, सावलीतला उभा कातळ. अशी जागा काही मीटरच्या पट्ट्यात संपते आणि सरकारी नकाशात तिला स्वतंत्र नाव नसते. दुसरीकडे सह्याद्रीच्या कड्यांवर आणि त्यांच्या पाण्यावर मोठे निर्णय होत आहेत. त्यामुळे प्रश्न एका गवताच्या पलीकडे जातो.

हे गवत नेमके कसे आहे?

गवत म्हटले की डोळ्यासमोर माळरान, कुरण किंवा बांध येतो. पवना, मारवेल, शेडा, कुसळी ही गवते शेतकरी आणि गुराख्यांना नावानिशी माहीत असतात, कारण त्यांच्यावर जनावरे जगतात. हुबार्डिया या यादीत बसत नाही. ते वितीएवढे, नाजूक आणि झुकत्या खोडाचे वर्षायू गवत आहे. म्हणजे बी रुजणे, वाढणे, फुलणे आणि पुन्हा बी धरणे हे सगळे एका हंगामात उरकते. उभ्या, निसरड्या खडकावर ते वाढते. तिथे ना गुरे पोहोचतात, ना विळा. ना चाऱ्याचे, ना छपराचे, त्यामुळे लोकव्यवहारात त्याची दखल घेतली जाण्याचे कारणच नव्हते.

वनस्पतिशास्त्रात मात्र त्याचे स्थान वेगळे आहे. जगात गवताच्या ११ हजारांहून अधिक प्रजाती आहेत. भात, गहू, ज्वारी, ऊस आणि बांबू हे सगळे याच कुळातले. या एवढ्या मोठ्या कुळात हुबार्डियाची रचना इतकी निराळी निघाली, की त्याच्यासाठी आधी स्वतंत्र प्रजातिगट आणि पुढे ‘हुबार्डिई’ ही स्वतंत्र जमात करावी लागली. दीर्घकाळ या गटात हे एकच गवत होते. २०१२ मध्ये पश्चिम घाटातूनच ‘हुबार्डिया डायअँड्रा’ ही दुसरी प्रजाती नोंदवली गेली.

सोप्या शब्दांत सांगायचे तर गवतांच्या वंशवृक्षाची ही एक वेगळी, बारीक फांदी आहे. ज्या गटात शेकडो प्रजाती आहेत तिथे एक गेली तर जवळचे नातलग उरतात. इथे एक गेली तर अर्धा गट जातो.

१९१९ मध्ये काय घडले?

त्या काळी उत्तर कन्नड जिल्हा मुंबई इलाख्यात होता. कारवार, होनावर, गिरसप्पा ही नावे मराठी वाचकाला त्यामुळेच जुनी ओळखीची आहेत. जुन्या मराठी पुस्तकांतून ‘गिरसप्पाचा धबधबा’ म्हणून ज्याचा उल्लेख येतो, तोच आजचा जोग. शरावती नदी तिथे राजा, राणी, रोअरर आणि रॉकेट अशा चार धारांनी सुमारे २५३ मीटर खाली कोसळते.

मुलकी सेवेतील अधिकारी एल. जे. सेजविक आणि वनाधिकारी टी. आर. डी. बेल यांना वनस्पती गोळा करण्याचा छंद होता. बेल हे फुलपाखरे आणि पतंगांच्या अभ्यासासाठीही ओळखले जातात. या दोघांनी १९१९ मध्ये गिरसप्पाच्या परिसरातून या गवताचे नमुने गोळा केले. नमुने वाळवून, कागदावर चिकटवून संग्रहात गेले आणि तिथे तीसएक वर्षे राहिले.

पुढे नॉर्मन बोर या वनस्पतिशास्त्रज्ञाने त्यांचा अभ्यास केला. बोर यांनी भारतीय वनसेवेत काम केले होते. नंतर ते लंडनच्या क्यू येथील वनस्पती उद्यानात रुजू झाले. भारतीय उपखंडातील गवतांवरचा त्यांचा १९६० चा ग्रंथ आजही अभ्यासक वापरतात. हे गवत कोणत्याही माहीत असलेल्या गटात बसत नाही, हे त्यांच्या लक्षात आले. १९५१ मध्ये त्यांनी त्याचे वर्णन प्रसिद्ध केले आणि क्यू येथील गवततज्ज्ञ चार्ल्स एडवर्ड हबर्ड यांच्या नावावरून गटाचे नाव ‘हुबार्डिया’ ठेवले. ‘हेप्टान्यूरॉन’ याचा ग्रीकमधला अर्थ सात शिरा असलेले.

म्हणजे विज्ञानाने या गवताला नाव दिले तेव्हा ते गोळा करून तीन दशके झाली होती. आणि नाव मिळाल्यावर ते शोधायला गेले, तेव्हा ते सापडेना.

ते नामशेष का मानले गेले?

दरम्यानच्या काळात शरावती बदलली होती. १९४० च्या दशकात जोगच्या वरच्या बाजूला हिरेभास्कर धरण उभे राहिले आणि जलविद्युत केंद्र सुरू झाले. १९६४ मध्ये लिंगनमक्की धरण पूर्ण झाले. त्यानंतर जोगवरून किती पाणी पडेल, हे पावसाबरोबरच वीजनिर्मितीच्या वेळापत्रकावर ठरू लागले. आज पावसाळ्याचा जोर आणि धरणातून विसर्ग असेल तेव्हाच जोग पूर्ण रूपात दिसतो. उरलेल्या काळात धारा रोडावतात.

नंतरच्या काळात शोध घेऊनही जोगला हे गवत मिळाले नाही आणि ते नामशेष समजले जाऊ लागले. गवतांच्या जागतिक संदर्भग्रंथांतही ‘बहुधा नामशेष’ असाच सूर उमटला. धरणामुळेच ते गेले असे ठामपणे सांगता येणार नाही, कारण धरणापूर्वी तिथे ते किती प्रमाणात होते याची मोजणीच झालेली नव्हती. पण तुषारांवर जगणाऱ्या वनस्पतीच्या जागेवरचे पाणी वळवले गेले, एवढे उघड आहे.

हा मुद्दा आजच्या प्रकल्पांनाही लागू पडतो. प्रकल्पापूर्वीची नोंद नसेल तर नंतर नुकसान सिद्धही करता येत नाही आणि नाकारताही येत नाही.

तिलारीत ते कसे सापडले?

शिवाजी विद्यापीठातील वनस्पतिशास्त्र विभागाने पश्चिम घाटातील वनस्पतींच्या सर्वेक्षणाचे मोठे काम केले आहे. विभागातील ज्येष्ठ वनस्पतिशास्त्रज्ञ प्रा. एस. आर. यादव यांचे नाव कंदीलपुष्प वर्गातील वनस्पतींच्या अभ्यास आणि संवर्धनासाठी परिचित आहे. कोल्हापूर जिल्ह्याच्या वनस्पतिसंपदेवरील ग्रंथही त्यांनी सहकाऱ्यासह लिहिला आहे. त्यांच्या चमूला तिलारी घाटात, जोगपासून कित्येक मैल उत्तरेला, हुबार्डियाची वस्ती आढळली.

चंदगड तालुक्यातून कोकणात उतरणारा तिलारीचा हा भाग महाराष्ट्र, कर्नाटक आणि गोवा या तीन राज्यांच्या सीमेजवळ आहे. नैऋत्य मोसमी वारे इथे थेट कड्यावर आदळतात. पावसाळ्यात प्रत्येक घळीतून पाणी खाली येते आणि कातळ दिवसचे दिवस पाझरत राहतो. याच खोऱ्यात जलविद्युत प्रकल्प आहे आणि खाली दोडामार्ग तालुक्यात महाराष्ट्र व गोवा यांचा संयुक्त तिलारी धरण प्रकल्पही आहे.

गवत सापडल्यावर काम फोटो आणि शोधनिबंधावर थांबले नाही. बियांची उगवण, वाढीसाठी लागणारी ओल आणि सावली यांचा अभ्यास झाला. रोपे वाढवली गेली. सह्याद्रीतील तशाच ओल्या जागांवर ती रुजवण्याचे प्रयत्न झाले. आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघटनेच्या (आययूसीएन) लाल यादीत या प्रजातीला ‘अतिसंकटग्रस्त’ असा दर्जा आहे. ‘निसर्गातून नामशेष’च्या एक पायरी अलीकडचे, पण प्रत्यक्ष निसर्गात असलेले, असा त्याचा अर्थ.

धबधब्याच्या तुषारांवर जगणे म्हणजे काय?

उंचावरून पडणारे पाणी खडकावर आपटले की त्याचे बारीक थेंब होतात. पडत्या पाण्याबरोबर हवाही खाली ओढली जाते आणि ती बाहेर फेकली जाताना हे थेंब सोबत नेते. त्यामुळे धबधब्याच्या दोन्ही बाजूंना काही अंतरापर्यंत खडक कायम ओला राहतो. तिथले तापमान आसपासपेक्षा कमी आणि हवा दमट असते. माती जवळपास नसतेच. खडकाच्या भेगांत आणि शेवाळाच्या थरात जे काही साठते, तेवढाच आधार.

या जागेत मोठी झाडे उभी राहू शकत नाहीत आणि जोमाने वाढणारी इतर गवतेही नीट टिकत नाहीत. त्यामुळे शेवाळे, नेचे, तेरडा आणि सीतेची आसवे यांच्या वर्गातील काही प्रजाती, तसेच हुबार्डियासारखी नाजूक गवते यांना इथे स्पर्धेविना जागा मिळते. पण ही सवलत सशर्त आहे. पाणी कमी झाले की ओला पट्टा आक्रसतो. सावली देणारी झाडे तुटली की खडक तापतो. माती वाहून आली की धटिंगण गवते वर चढतात. तिन्हींपैकी काहीही झाले तरी परिणाम सारखाच होतो.

यात एक तांत्रिक बाब महत्त्वाची आहे. जलविद्युत प्रकल्पाखाली नदीत किमान किती पाणी सोडायचे, याला ‘पर्यावरणीय प्रवाह’ म्हणतात. साधारणपणे ऋतूनुसार नदीच्या प्रवाहाच्या २० ते ३० टक्के पाणी सोडण्याची अट घातली जाते. ही अट मुख्यतः नदीचे पात्र, मासे आणि खालच्या गावांची गरज डोळ्यासमोर ठेवून असते. पण पाणी ३० टक्के ठेवले म्हणून तुषारांचा पट्टाही ३० टक्के राहीलच असे नाही. धार बारीक झाली की ती कड्याला चिकटून उतरते, उसळत नाही. पात्रात पाणी दिसते, पण बाजूचा कातळ कोरडा पडतो. कागदावर अट पूर्ण होते आणि अधिवास मात्र संपतो.

असे जगात कुठे घडले आहे का?

टांझानियातील किहान्सी घळीचे उदाहरण या बाबतीत बोलके आहे. तिथे धबधब्याच्या तुषारांनी ओल्या राहणाऱ्या काही हेक्टरच्या पट्ट्यात अंगठ्याच्या नखाएवढा एक पिवळसर बेडूकवर्गीय प्राणी १९९६ मध्ये आढळला. तोवर वरच्या बाजूला जलविद्युत प्रकल्पाचे काम सुरू झाले होते. २००० मध्ये प्रकल्प सुरू झाला आणि धबधब्याचे बहुतांश पाणी बोगद्यातून वळवले गेले. ओला पट्टा झपाट्याने सुकू लागला.

त्यानंतर घळीत नळ टाकून कृत्रिम तुषार सिंचन बसवण्यात आले. सुमारे ५०० प्राणी अमेरिकेतील प्राणिसंग्रहालयात हलवण्यात आले. पुढे बुरशीजन्य रोगाचाही फटका बसला आणि २००९ मध्ये हा प्राणी निसर्गातून नामशेष झाल्याचे जाहीर झाले. संग्रहालयात वाढवलेले प्राणी २०१२ पासून पुन्हा घळीत सोडण्यात येऊ लागले. तुषारांची यंत्रणा मात्र चालू ठेवावी लागली. जी व्यवस्था धबधबा फुकट चालवत होता, ती आता पंप, फवारे आणि निधीवर चालते.

हुबार्डियाच्या बाबतीतही रोपे उद्यानात वाढवता येतात, हे सिद्ध झाले आहे. पण किहान्सीचा धडा असा की, जीव वाचवणे आणि त्याचे घर वाचवणे ही दोन वेगळी कामे आहेत. पहिले काम प्रयोगशाळा करू शकते. दुसरे काम नियोजन, महसूल आणि ऊर्जा खात्याच्या टेबलावर ठरते.

हा विषय आत्ताच का महत्त्वाचा?

सौर आणि पवन ऊर्जा वाढत असताना वीज साठवण्याची गरजही वाढली आहे. दुपारी सूर्यामुळे मिळणारी जादा वीज वापरून खालच्या जलाशयातील पाणी वर चढवायचे आणि संध्याकाळी मागणी वाढली की तेच पाणी खाली सोडून वीज तयार करायची, याला उदंचन जलविद्युत म्हणतात. पाणी चढवायला लागणाऱ्या विजेपैकी साधारण ७५ ते ८० टक्के वीज परत मिळते. मोठ्या प्रमाणावर वीज साठवण्याचा हा जुना आणि खात्रीचा मार्ग आहे. त्यासाठी दोन जलाशयांच्या उंचीत मोठा फरक लागतो. तो जिथे नैसर्गिकरीत्या मिळतो ती जागा म्हणजे घाटाचा कडा.

महाराष्ट्राने डिसेंबर २०२३ मध्ये उदंचन प्रकल्पांसाठी धोरण आणले. २०२३ मध्येच राष्ट्रीय जलविद्युत महामंडळाशी (एनएचपीसी) ७,३५० मेगावॉटचे आणि टोरंट पॉवरशी ५,७०० मेगावॉटचे सामंजस्य करार झाले. काळू, सावित्री, कर्जत, मावळ, जुन्नर ही त्यातील नावे पाहिली तरी हे प्रकल्प सह्याद्रीच्या धारेवर आहेत हे कळते. कर्नाटकात शरावती खोऱ्यातच २,००० मेगावॉटचा उदंचन प्रकल्प प्रस्तावित आहे. तळकळले आणि गेरुसोप्पा या दोन विद्यमान जलाशयांना बोगद्याने जोडण्याची ती योजना सिंहपुच्छ वानरांच्या अभयारण्यातून जात असल्याने वादात आहे. म्हणजे जिथून हुबार्डिया पहिल्यांदा गोळा केले गेले, त्याच खोऱ्यात पुन्हा पाणी, बोगदे आणि विजेची चर्चा आहे.

हे प्रकल्प हुबार्डियाच्या ज्ञात वस्तीवरच येत आहेत, असा याचा अर्थ नाही. अशा प्रकल्पांची ऊर्जेच्या दृष्टीने गरज नाकारताही येणार नाही. प्रश्न एवढाच की, कड्यावरच्या ओल्या पट्ट्यांत काय जगते हे कुणी, कधी आणि कोणत्या ऋतूत पाहणार?

पाहणीचा ऋतू एवढा महत्त्वाचा का?

वर्षायू गवत मे महिन्यात दिसत नाही. तेव्हा ते फक्त बीच्या रूपात भेगेत असते. घाटातील कितीतरी छोट्या वनस्पतींचे आयुष्य पावसाळा आणि त्यानंतरच्या थोड्या आठवड्यांपुरते असते. एखादा सर्वेक्षक मार्च-एप्रिलमध्ये कड्यावर गेला, तर त्याला करडा, कोरडा खडक दिसेल आणि अहवालात तो ‘वनस्पतिविरहित’ म्हणून नोंदवला जाईल. यात त्याने खोटे काही लिहिलेले नसते. तो चुकीच्या वेळी गेलेला असतो.

पर्यावरणीय परिणाम मूल्यांकनाच्या चौकटीत जलविद्युत प्रकल्पांसाठी पावसाळ्यासह वेगवेगळ्या ऋतूंतील माहिती अपेक्षित असते. मात्र इतर अनेक प्रकारच्या प्रकल्पांत एका ऋतूची, तीही पावसाळा वगळून घेतलेली माहिती चालते. लहान रस्ते, पर्यटनाच्या सुविधा यांच्यासाठी तर असे मूल्यांकनच होत नाही. शिवाय पावसाळ्यात निसरड्या कड्यावर जाणे धोक्याचे असते. गवतांची ओळख पटवणे हे वेगळे कौशल्य आहे. फुलोऱ्यातील काही मिलिमीटरचे भाग भिंगाखाली तपासल्याशिवाय प्रजाती सांगता येत नाही. वाघ किंवा धनेशाची नोंद कॅमेऱ्यात होते, गवताची होत नाही.

धोका केवळ मोठ्या प्रकल्पांचा आहे का?

नाही. पावसाळी पर्यटनाने गेल्या काही वर्षांत घाटांचे चित्र बदलले आहे. धबधबा समाजमाध्यमांवर लोकप्रिय झाला की आधी पायवाट रुंद होते, मग पायऱ्या, कठडे, पेव्हर ब्लॉक आणि टपऱ्या येतात. सुरक्षिततेसाठी कठडे हवेतच. पण पायऱ्या कुठून काढायच्या, कुठला खडक फोडायचा, कुठले झाड तोडायचे हे ठरवताना वनस्पतींची यादी कुणासमोर नसते. दहा मीटरचा कातळ साफ केला तर जंगलाच्या आकडेवारीत काहीच फरक पडत नाही. हुबार्डियासारख्या प्रजातीसाठी मात्र ती पूर्ण वस्ती असू शकते.

घाटरस्त्यांच्या रुंदीकरणातही असेच होते. दरडी रोखण्यासाठी कातळावर जाळी आणि सिमेंटचा थर दिला जातो, वरून येणारा पाझर नळीतून बाहेर काढला जातो. प्रवाशांच्या जिवासाठी हे काही ठिकाणी अपरिहार्य आहे. पण पाझरता कातळ हाही अधिवास आहे, ही नोंद कामाच्या अंदाजपत्रकात नसते.

अभ्यासकांकडून होऊ शकणारे नुकसानही विसरून चालणार नाही. दुर्मीळ वनस्पतीची नेमकी जागा जाहीर झाली की संग्राहक, छायाचित्रकार आणि उत्साही मंडळी तिथे पोहोचतात. निसरड्या खडकावर दहा-वीस पावले पडली तरी शेवाळाचा थर सुटतो. त्यामुळेच अशा वस्त्यांचे अचूक ठिकाण सार्वजनिक न करण्याचा संकेत संवर्धन क्षेत्रात पाळला जातो.

कायदा काय संरक्षण देतो?

१९७२ चा वन्यजीव संरक्षण कायदा प्रामुख्याने प्राण्यांभोवती बेतलेला आहे. त्यात संरक्षित वनस्पतींची यादी आहे, पण ती लांबलचक नाही. तिचा मूळ भर ज्या वनस्पतींचा व्यापार होतो, अशांवर आहे. हुबार्डियाला बाजार नाही. त्याला धोका तोडून नेणाऱ्याचा नाही, पाणी वळवणाऱ्याचा आहे.

२००२ चा जैवविविधता कायदा इथे अधिक उपयोगी आहे. त्यातील कलम ३८ नुसार केंद्र सरकार राज्यांशी विचारविनिमय करून नामशेष होण्याच्या मार्गावरील प्रजाती अधिसूचित करू शकते. कलम ३७ नुसार राज्य सरकार एखादी जागा ‘जैवविविधता वारसा स्थळ’ म्हणून जाहीर करू शकते. या दुसऱ्या तरतुदीचे वैशिष्ट्य म्हणजे जागा कितीही लहान असू शकते.

सिंधुदुर्गात याची दोन चांगली उदाहरणे आहेत. आंबोलीत हिरण्यकेशी नदीच्या उगमाजवळ, महादेवाच्या मंदिराच्या कुंडात माशाची नवी प्रजाती सापडल्यावर २०२१ मध्ये अवघी २.११ हेक्टर जागा वारसा स्थळ म्हणून जाहीर झाली. दोडामार्ग तालुक्यातील बांबर्डे येथील रानजायफळांची दलदल हीही अशीच छोटी पण संरक्षित जागा आहे. मोठ्या अभयारण्याची वाट न पाहता नेमक्या जागेला संरक्षण देता येते, हे या दोन्हींतून दिसते.

याउलट मोठ्या पट्ट्यांच्या संरक्षणाचा अनुभव रेंगाळण्याचा आहे. माधव गाडगीळ समितीने २०११ मध्ये आणि कस्तुरीरंगन समितीने २०१३ मध्ये अहवाल दिला. पश्चिम घाटातील पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील क्षेत्राचा पहिला मसुदा मार्च २०१४ मध्ये आला आणि जुलै २०२४ मध्ये सहाव्यांदा मसुदाच प्रसिद्ध झाला. सहा राज्यांतील सुमारे ५६,८०० चौरस किलोमीटर क्षेत्राचा हा प्रस्ताव आहे. मार्च २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने सावंतवाडी-दोडामार्ग पट्ट्यातील २५ गावांबाबत केंद्राला निर्देश दिले. त्याआधी २०२० मध्ये राज्याने दोडामार्ग वनपरिक्षेत्रातील २९.५३ चौरस किलोमीटर क्षेत्र ‘तिलारी संवर्धन राखीव’ म्हणून जाहीर केले होते. वाघ, हत्ती आणि त्यांचे भ्रमणमार्ग हा त्यामागचा मुख्य विचार होता. त्याचा फायदा अप्रत्यक्षपणे छोट्या वनस्पतींनाही होतो. पण वाघाचा मार्ग आणि पाझरणारा कडा एकाच ठिकाणी असतीलच असे नाही.

पुढे काय करता येईल?

करण्यासारख्या गोष्टी अवघड नाहीत आणि फार खर्चिकही नाहीत. पहिली म्हणजे नोंद. घाटातील बारमाही पाझर, धबधब्यांचे ओले पट्टे आणि सावलीतील कातळ यांचा नकाशा करणे शक्य आहे. उपग्रह चित्रांतून जागा निवडता येतील, पण खात्री ऑगस्ट ते नोव्हेंबरदरम्यान प्रत्यक्ष जाऊनच करावी लागेल. प्रत्येक ग्रामपंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती आणि लोकजैवविविधता नोंदवही असणे कायद्याने अपेक्षित आहे. अनेक नोंदवह्यांत औषधी वनस्पती आणि पिकांची यादी असते. त्यात ‘कायम ओला राहणारा कातळ’ असा एक रकाना वाढवला तर गावकऱ्यांना अशा जागा सांगायला वेळ लागणार नाही. कोणता वझर कधी आटतो, हे त्यांना पाठ असते.

दुसरी गोष्ट म्हणजे प्रकल्पाच्या अटी. कड्यावरून पडणारे पाणी वळवायचे असेल तर खालच्या प्रवाहाबरोबरच धबधब्याचा तुषार पट्टा किती उरेल, याचे मोजमाप मागता येईल. बोगद्याची आखणी करताना पाझर तुटतील का, हे भूजलतज्ज्ञाला विचारता येईल. ही विचारणा प्रकल्प कागदावर असतानाच स्वस्तात होते. बोगदा खणल्यावर उरतात ते फवारे.

तिसरी म्हणजे संरक्षणाचा आकार जागेच्या आकाराएवढा ठेवणे. हिरण्यकेशीच्या कुंडाला २.११ हेक्टर पुरते, तर एखाद्या कातळाला आणि त्याच्या वरच्या ओढ्याला त्याहून फार जास्त लागणार नाही. मात्र वरचा ओढा त्यात धरायलाच हवा. कातळ राखून वरचे पाणी सोडून दिले, तर हाती कोरडा खडक येईल.

उद्यानातील रोपे आणि साठवलेले बी हा विमा आहे आणि तो असायलाच हवा. पण हुबार्डिया परत मिळाले ते कुणी बी राखून ठेवले होते म्हणून नव्हे. गिरसप्पाचे पाणी वळले तेव्हा तिलारीचा एक कातळ कुणाच्या योजनेत आला नव्हता, म्हणून ते उरले. १९१९ नंतर ८० हून अधिक वर्षे त्या कातळाने हे काम कुणाच्याही मदतीशिवाय केले. आता सह्याद्रीतला जवळपास प्रत्येक कडा कुठल्या ना कुठल्या आराखड्यात आहे. अशा वेळी उरलेले कातळ आराखड्यात ठळकपणे दाखवणे, एवढी किमान नोंद तरी पुढच्या पावसाळ्यात सुरू व्हायला हवी.